विडंबनाला दाखल क्रमांक द्या

केशवकुमार या नावानं आचार्य अत्र्यांनी ‘झेंडूची फुले’ छापली ती १९२५ साली. रविकिरण मंडळाच्या कवींचे छंद, त्यांच्या लकबी, त्यांचा हळवेपणा हे सगळं उचलून त्यांनी त्या कवींनाच परत वाचून दाखवलं. शंभर वर्षं झाली. ज्यांची थट्टा झाली त्यांतले काही कवी आता फक्त अभ्यासक्रमात भेटतात. विडंबन मात्र बऱ्यापैकी वाचनालयात मागितलं तर मिळतं. त्याला दाखल क्रमांक आहे, कपाटात जागा आहे. दुसऱ्याच्या कवितेवरून केलंय म्हणून आम्ही ते ठेवत नाही, असं कोणी ग्रंथपाल म्हणत नाही.

माझ्या पिढीनं सगळ्यात जास्त विडंबन पाहिलं ते सायबर कॅफेत. नामांकित व्हिडिओ गेममधली पात्रं कोणालाही न विचारता उचलून आणायची, त्यांना भलत्याच गोष्टीत उभं करायचं आणि तो खेळ फ्लॅश नावाच्या सॉफ्टवेअरमध्ये बनवून जगाला फुकट द्यायचा, असा तो प्रकार होता. ३१ डिसेंबर २०२० ला फ्लॅशच्या शेवटच्या मालकानं, ॲडोबी कंपनीनं, हे खेळ चालवणाऱ्या फ्लॅश प्लेअरचा आधार काढून घेतला आणि १२ जानेवारी २०२१ पासून तो प्लेअर काहीही चालवेनासा झाला. त्या दिवशी जे बंद पडलं त्यात जाहिराती होत्या, कंपन्यांच्या संकेतस्थळांचे नाचरे दरवाजे होते. त्यांचं दुःख नाही. पण त्यात विडंबनाची एक पूर्ण शाखा होती आणि तिला आपण अजूनही उचलेगिरी समजून बाजूला ठेवतो. मला हे मान्य नाही. कायद्यानं विडंबनाला नाव घेऊन जागा द्यावी आणि सार्वजनिक ग्रंथालयांना असे खेळ जपायचा हक्क द्यावा, असं माझं म्हणणं आहे. आपल्या देशात आज या दोन्ही गोष्टी नाहीत.

ठाणे स्टेशनवरून नौपाड्याकडे चालत निघालं की २००५ च्या आसपास दर दोन गल्ल्यांमागे एक कॅफे असे. तासाला वीस रुपये, प्लायवूडचे कप्पे, आणि भारनियमन सुरू झालं की मालकाचा इन्व्हर्टर टिकेल तेवढाच आपला वेळ. आम्हा मुलांना मारिओ ठाऊक होता तो घरच्या टीव्ही गेमवरून, ‘९९९९ इन १’ लिहिलेल्या पिवळ्या कॅसेटमधून. त्या कॅसेटला मारिओच्या मालकाची, निन्टेन्डो कंपनीची, परवानगी असण्याचा प्रश्नच नव्हता. ठाण्यातल्या चाळीत आणि सोसायटीत मारिओ आला तोच परवानगीशिवाय. त्यामुळे कॅफेत पहिल्यांदा कोणीतरी बदललेला मारिओ पाहिला, तेव्हा आम्हाला तो खोटा वाटला नाही. आपल्या ओळखीच्या माणसाची कोणीतरी नक्कल करतंय, एवढंच वाटलं.

हे खेळ फ्लॅशमध्येच इतके का फुलले, याचं उत्तर त्या हत्याराच्या घडणीत आहे. १९९६ मध्ये जोनाथन गे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी फ्यूचरस्प्लॅश ॲनिमेटर नावाचं चित्रं हलवण्याचं साधन बाजारात आणलं. मॅक्रोमीडियानं ते विकत घेतलं आणि त्याचं नाव फ्लॅश झालं. २००० साली फ्लॅश ५ बरोबर ॲक्शनस्क्रिप्ट ही प्रोग्रॅमिंगची भाषा आली आणि त्याच चित्रांना नियम लावता येऊ लागले. चित्र काढणं, ते हलवणं आणि त्याला अक्कल देणं ही तिन्ही कामं एकाच खिडकीत, एकाच टाइमलाइनवर होत. चित्रकला बरी येणारा आणि गणिताला न घाबरणारा पोरगा एकटाच खेळ पुरा करू शके. रेषा बिंदूंनी साठवण्याऐवजी सूत्रांनी साठवल्या जात, म्हणून फाइल लहान राही आणि टेलिफोनच्या मोडेमवरूनही उतरे. त्याच वर्षी, २००० मध्ये, टॉम फल्प यांच्या न्यूग्राउंड्स या संकेतस्थळावर कोणालाही आपलं काम थेट चढवता येईल अशी सोय झाली. काम ठेवायचं की काढायचं हे बघणारे मत देऊन ठरवत. संपादक नाही, प्रकाशक नाही, पैसा नाही. विडंबनाला याहून मोकळं अंगण क्वचितच मिळालं असेल.

२०१० मध्ये जे पाव्लिना यांनी ‘सुपर मारिओ ब्रदर्स क्रॉसओव्हर’ नावाचा खेळ काढला. मैदान जुन्या, १९८५ च्या मारिओचं. पण खेळणारा माणूस तुम्ही दुसऱ्या जुन्या गेममधून निवडायचा. कॉन्ट्राचा बंदूकधारी शिपाई घ्या, झेल्डाचा लिंक घ्या, मेगा मॅन घ्या. वरवर पाहता हा पोरखेळ वाटतो. मी तो खेळलो तेव्हा माझ्या हातांना पहिल्यांदा कळलं की मारिओच्या मैदानातली एकूण एक फट, विटांची प्रत्येक रांग, प्रत्येक कासव एका विशिष्ट उडीच्या मापानं ठेवलेलं आहे. ज्याच्यावर मारिओ जीव मुठीत धरून उडी मारतो, त्याला कॉन्ट्राचा शिपाई लांबूनच गोळी घालतो, आणि ते मैदान एकदम रिकामं भासतं. मूळ खेळ चाळीस वेळा खेळून हे समजलं नव्हतं. परक्या माणसाला आत सोडल्यावर समजलं. अत्र्यांनी भारदस्त छंदात क्षुल्लक विषय घातला, तेव्हा त्या छंदाचा डौल आणि त्याचा पोकळपणा दोन्ही उघडे पडले. इथे तेच घडतं.

दुसरा खेळ मला याहूनही जवळचा. ‘डबल ड्रॅगन’ या मारामारीच्या गेममध्ये अबोबो नावाचा एक धिप्पाड गुंड आहे. आपल्या पिवळ्या कॅसेटवर तो हमखास असे. नायकाचा मार खाऊन पडणं, एवढंच त्याचं काम. २०१२ मध्ये आलेल्या ‘अबोबोज बिग ॲडव्हेंचर’मध्ये हाच गुंड नायक होतो. त्याचा मुलगा पळवला गेलाय आणि बाप त्याला शोधत निन्टेन्डोच्या एकामागून एक जुन्या गेममधून चिरडत, तुडवत, रडत चाललाय. खेळ अचकटविचकट आहे, रक्त भरपूर आहे. तरीही ज्याला कोणी नाव विचारलं नाही, त्या मार खाणाऱ्यालाही घर असेल हा विचार त्या निर्मात्यांनी केला. मूळ गेमनं तो केला नव्हता. एकनाथांनी भारुडात जोगत्या-गोंधळ्यांना बोलायला लावलं, त्या परंपरेत वाढलेल्या मराठी माणसाला या कृतीचं मोल वेगळं समजावून सांगावं लागू नये.

आम्हीही एक केला होता. मी, शाळेतला एक मित्र आणि त्याचा मावसभाऊ. २००६ चा पावसाळा होता. फ्लॅशची सीडी लॅमिंग्टन रोडवरून आलेली, म्हणजे अर्थातच चोरटी. हे लपवण्यात अर्थ नाही. मारिओला आम्ही ठाणे स्टेशनच्या पुलावर सोडला. पाइपांच्या जागी जिने, नाण्यांच्या जागी तिकिटाचे कूपन, मशरूमच्या जागी वडापाव, आणि शेवटी राजकन्येऐवजी फास्ट लोकलची चौथी सीट. चित्रं दोन आठवड्यांत झाली. उडीला दोन महिने लागले. आमचा मारिओ कितीही केलं तरी दगडासारखा पडे. टीव्ही गेम लावून पुन्हा पुन्हा बघितल्यावर लक्षात आलं की बटण दाबून धरलं तर मारिओ वर जास्त वेळ राहतो, सोडलं की लगेच खाली खेचला जातो. म्हणजे त्या जगात गुरुत्वाकर्षण एक नाही, ते बोटाच्या दाबावर बदलतं. हे कोणी शिकवलं नाही, कुठल्या पुस्तकातही आमच्या हाती लागलं नाही. नक्कल हुबेहूब व्हावी या हट्टापायी आम्ही मूळ कारागिराच्या डोक्यात शिरलो. आज मी ऐरोलीत सॉफ्टवेअरचं काम करतो, आणि दुसऱ्याचं काम इतक्या बारकाईनं मी नंतर क्वचितच वाचलं असेल.

आता आक्षेप. पहिला आक्षेप असा की पात्र ज्याचं आहे त्याचं नुकसान होतं. माझ्या माहितीतली उदाहरणं उलटंच सांगतात. २००७ मध्ये व्हॉल्व्ह कंपनीचा ‘पोर्टल’ हा गेम आला त्याच सुमारास काही चाहत्यांनी त्याची सपाट, द्विमितीय फ्लॅश आवृत्ती काढली. व्हॉल्व्हनं वकील पाठवला नाही. पुढच्या वर्षी एक्सबॉक्सवर जो ‘पोर्टल : स्टिल अलाइव्ह’ आला, त्यात त्या चाहत्यांच्या फ्लॅश खेळावरून घेतलेली कोडी अधिकृतपणे घातली. सॉनिकचे अनधिकृत खेळ करत मोठा झालेला ख्रिश्चन व्हाइटहेड २०१७ च्या ‘सॉनिक मेनिया’चा प्रमुख निर्माता झाला, सॉनिकची मालक असलेल्या सेगा कंपनीच्याच शिक्क्यानं. ‘सुपर मीट बॉय’ ही २०१० ची गाजलेली गेम २००८ च्या न्यूग्राउंड्सवरच्या एका फ्लॅश खेळातून वाढली. २०२० मध्ये आलेल्या ‘फ्रायडे नाइट फंकिन’ची सगळी धाटणी त्या फ्लॅश-काळाची आहे, आणि पुढच्याच वर्षी लोकांनी त्याच्या पूर्ण आवृत्तीसाठी वीस लाख डॉलरहून जास्त वर्गणी दिली. दुसऱ्या टोकाला निन्टेन्डो. ऑगस्ट २०१६ मध्ये ‘एएम२आर’ आणि ‘पोकेमॉन युरेनियम’ हे चाहत्यांनी अनेक वर्षं खपून केलेले दोन मोठे, फुकट खेळ प्रसिद्ध झाले आणि कायद्याच्या धाकानं काही दिवसांतच मागे घेतले गेले. हे दोन्ही फ्लॅशमधले नव्हते, विडंबनही नव्हते. तरी त्या महिन्यात जगभरच्या हौशी निर्मात्यांना कळलं की आपलं काम राहील की जाईल हे मालकाच्या मर्जीवर आहे. मर्जी चांगली असली म्हणून ती हक्काची जागा घेत नाही.

दुसरा आक्षेप जास्त खरा आहे. या खेळांत घाण खूप होती. बायकांची विटंबना होती, नामवंतांना गोळ्या घालण्याचे खेळ होते, उगाच हिंसा होती. १९९९ च्या अमेरिकेतल्या कोलंबाइन शाळेतल्या गोळीबारानंतर काही महिन्यांतच फल्प यांनी ‘पिकोज स्कूल’ हा शाळेतल्या गोळीबाराचा खेळ केला. तो बघताना मला आजही अस्वस्थ वाटतं. पण जपणं म्हणजे प्रशस्तिपत्र देणं नव्हे. तमाशातल्या बतावणीत जे जे बोललं गेलं ते सगळं आपण घरात म्हणत नाही, पण अभ्यासकांनी ते लिहून ठेवलं म्हणून त्या काळातला माणूस कशाला हसत होता हे आपल्याला समजतं. वाईट विडंबन नाहीसं केलं तर चांगलं विडंबन कशाच्या विरोधात उठून दिसत होतं, तेही नाहीसं होतं.

आपल्याकडेही या हत्याराचा नीट उपयोग झालेला आहे. २०१२ मध्ये मुंबईच्या शादी डॉट कॉमनं ‘अँग्री बर्ड्स’वरून ‘अँग्री ब्राइड्स’ काढला. हुंडा मागणाऱ्या नवऱ्यांवर उंच टाचेच्या बुटापासून झाडूपर्यंत काहीही फेकायचं आणि त्यांचा भाव उतरवायचा. त्याआधीचं प्रकरण मात्र गंभीर आहे आणि मराठी वाचकांपर्यंत ते फारसं आलेलं नाही. ओडिशातल्या धामरा बंदरामुळे ऑलिव्ह रिडले कासवांना धोका आहे, असं म्हणत २०१० मध्ये ग्रीनपीस या पर्यावरणवादी संस्थेनं ‘टर्टल व्हर्सेस टाटा’ हा खेळ इंटरनेटवर ठेवला. पॅक-मॅन या जुन्या गेमची सरळ नक्कल: पिवळं कासव ठिपके खात पळतंय आणि मागे टाटांची खूण लावलेली भुतं. टाटा सन्सनं दिल्ली उच्च न्यायालयात दावा लावला, बदनामी आणि बोधचिन्हाचा गैरवापर म्हणून, १० कोटी रुपयांच्या भरपाईचा. २८ जानेवारी २०११ ला न्यायमूर्ती एस. रवींद्र भट यांनी खेळ थांबवायचा अंतरिम आदेश द्यायला नकार दिला. लोकहिताच्या प्रश्नावर टीका करताना थट्टा आणि अतिशयोक्ती वापरता येते, आणि ती इंटरनेटवर आहे एवढ्यामुळे तिला वेगळा, कडक नियम लागत नाही, असा त्या निकालाचा रोख आहे. म्हणजे विडंबन-खेळ हा भाषणाचा प्रकार आहे, हे भारतीय न्यायालयानं पंधरा वर्षांपूर्वीच गांभीर्यानं घेतलं आहे. पण तो वाद ट्रेडमार्क आणि बदनामीचा होता. पॅक-मॅनचा मालक न्यायालयात आलाच नव्हता. तो आला असता तर?

तो आला असता तर गाठ १९५७ च्या कॉपीराइट कायद्याशी पडली असती. या कायद्याचं ५२वं कलम म्हणजे मोकळीकींची यादी. तिथे खासगी वापर आहे, संशोधन आहे, टीका आणि समीक्षा आहे, चालू घडामोडींचं वृत्त आहे. विडंबन हा शब्द नाही. शिवाय ही पहिलीच मोकळीक सुरू होते ती कॉम्प्युटर प्रोग्रॅम वगळून. १९९६ मध्ये केरळ उच्च न्यायालयानं तोप्पिल भासी यांच्या गाजलेल्या नाटकावर सिविक चंद्रन यांनी लिहिलेल्या प्रतिनाटकाला वाचवलं, ते टीकेच्या दालनातून आत घेऊन. चांगला निकाल आहे. पण विडंबन करणाऱ्यानं प्रत्येक वेळी मी समीक्षक आहे असं सिद्ध करत बसायचं, हे न्यायाचं नाही. ऑस्ट्रेलियानं २००६ मध्ये, कॅनडानं २०१२ मध्ये, ब्रिटननं २०१४ मध्ये विडंबन हा शब्द आपापल्या कायद्यात घातला. त्यामुळे त्या देशांतले गेमचे मालक बुडाले नाहीत. आपणही तो घालावा: विनामूल्य दिलेलं, मूळ कृतीशी गल्लत होणार नाही असं विडंबन हा गुन्हा नाही, असं स्वच्छ शब्दांत. प्रोग्रॅमचा अपवाद तिथून काढावा.

जपणुकीची गोष्ट याहून अवघड आहे. २०१२ च्या दुरुस्तीनं ग्रंथालयांना एक हक्क मिळाला. नफा न कमावणारं सार्वजनिक ग्रंथालय एखादी कृती जपण्यासाठी इलेक्ट्रॉनिक रूपात साठवू शकतं, पण त्या कृतीची डिजिटल नसलेली प्रत ग्रंथालयाकडे आधीपासून असली पाहिजे. पोथी असेल तर स्कॅन करा. फ्लॅश खेळाची डिजिटल नसलेली प्रत कुठून आणायची? तो जन्मालाच फाइल म्हणून आला. तो करणारा २००५ मध्ये वीस वर्षांचा असेल आणि ऐंशी वर्षं जगेल, तर लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षं या हिशेबानं त्याचं काम २१२५ संपेपर्यंत बंदिस्त राहील. तोवर ती सीडी वाचणारं यंत्र उरणार नाही.

आज हे काम चाललंय ते हौशी लोकांच्या जिवावर. २०१८ पासून फ्लॅशपॉइंट नावाच्या प्रकल्पानं लाखाहून जास्त खेळ गोळा केले. रफल नावाचं एम्युलेटर ब्राउझरच्या आतच जुना फ्लॅश चालवून दाखवतं. नोव्हेंबर २०२० पासून इंटरनेट अर्काइव्ह या डिजिटल ग्रंथालयानं ते वापरून हजारो फ्लॅश फाइल पुन्हा जिवंत केल्या. हे लोक फक्त फाइल उतरवून थांबत नाहीत. पुष्कळ खेळ एका ठरावीक पत्त्यावरच चालतील अशी कुलपं घातलेले असतात, काही गुणांची यादी मागायला बंद पडलेल्या सर्व्हरला हाक मारत राहतात. त्या प्रत्येक हाकेला खोटं उत्तर देणारी यंत्रणा त्यांना उभारावी लागते. त्यात मराठी पोरांनी केलेलं किती असेल? जे कुठल्या मोठ्या संकेतस्थळावर चढलंच नाही, पेन ड्राइव्हवरून कॅफेतून कॅफेत फिरलं, ते परदेशातल्या हौशी माणसाला सापडणार नाही. ते इथल्याच कोणी तरी शोधायला हवं.

हे शोधणं या शहराला नवं नाही. विनायक लक्ष्मण भावे यांनी १८९३ मध्ये ठाण्यात मराठी ग्रंथसंग्रहालय काढलं आणि जुन्या मराठी कवितेची बाडं मिळवून छापण्यात आयुष्य घातलं. तेव्हाही अशी बाडं म्हणजे माळ्यावरचा कचरा समजणारे लोक होतेच.

गेल्या दिवाळीत माळा आवरताना आमची सीडी मिळाली. तिच्यावर अकरा खेळ निघाले. आमचा एक, बाकीचे त्या काळी ठाण्यातल्या मल्टिमीडिया क्लासला जाणाऱ्या मुलांचे. एकात टीएमटीची बस नोकियावरच्या सापासारखी प्रवासी घेत घेत लांब होते आणि तीनहात नाक्यावर स्वतःच्याच शेपटीत अडकते. एकात तलावपाळीवर पॅक-मॅन आहे. कोणावरही खरं नाव नाही, टोपणनावं आहेत. रफलमध्ये नऊ चालले, दोन नाही.

ती सीडी घेऊन मी आमच्या भागातल्या वाचनालयात गेलो. ग्रंथपाल काकांनी तक्रार न करता सगळं ऐकून घेतलं, बसचा खेळ दोनदा खेळून पाहिला आणि दाखल नोंदवही उघडली. लेखकाच्या रकान्यावर पेन थांबलं, मग प्रकाशकाच्या, मग किमतीच्या. “सीडी आम्ही घेतो,” ते म्हणाले, “पण पुस्तकासोबत आलेली. हिचं पुस्तक कुठे आहे?” पुस्तक नाही, हेच पुस्तक, असं मी म्हटलं. त्यांनी सीडीच्या पाकिटावर पेन्सिलीनं तारीख घातली, ती खणात ठेवली आणि कार्यकारी मंडळाच्या पुढच्या सभेत विषय मांडतो म्हणाले. सभा पुढच्या महिन्यात आहे.